नकाशा पाहून भाडे धरू नका

दुकानात टांगलेल्या जगाच्या नकाशावर ग्रीनलंड जवळजवळ आफ्रिकेएवढा दिसतो. प्रत्यक्षात तो सुमारे २१ लाख ६६ हजार चौरस किलोमीटर, म्हणजे साधारण सौदी अरेबियाएवढा. आफ्रिका ३ कोटींहून अधिक, म्हणजे चौदापट मोठी!

असे का होते? मर्केटर यांनी १५६९ मध्ये हा नकाशा खलाशांसाठी काढला. जहाजाची दिशा सरळ रेषेत मिळावी म्हणून ध्रुवांकडचा भाग ताणला. कापड पन्ह्यात ओढले तेवढेच लांबीतही ओढावे, तसे. ६० अक्षांशावर दोन्हीकडून दुप्पट, म्हणून क्षेत्रफळ चौपट दिसते. ग्रीनलंड बहुतेक त्याच्याही उत्तरेला आहे. विषुववृत्तावरचे देश मात्र आहेत तेवढेच राहतात.

आमच्या माहितीतील एका कापड व्यापाऱ्याने कंपालाचा भाव देताना मोम्बासा बंदरापासूनचे भाडे नकाशावरून अंदाजाने धरले. युरोपच्या मानाने अंतर किरकोळ वाटले. रस्त्याने ते ११०० किलोमीटरांहून जास्त निघाले. सौद्याचा सगळा नफा भाड्यातच गेला.

तेव्हा व्यापारी बंधूंनो, नकाशावर दिशा जरूर पाहा. अंतर मात्र किलोमीटरमध्ये विचारून घ्या, मगच भाव द्या.