गोठविलेली चॉकलेट-पेपरमिंट पाई : दोन प्रकारच्या थंडीचा विचार

बाहेर बर्फ पडत असताना घरात गोठविलेले मिष्टान्न आवडीने खावे, ही गोष्ट आपणांस प्रथमदर्शनी विपरीत वाटण्याचा संभव आहे. परंतु अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांत नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी येणाऱ्या थँक्सगिव्हिंगपासून नववर्षदिनापर्यंत सुट्ट्यांचा जो काळ असतो, त्या काळात पुष्कळ घरी चॉकलेट व पेपरमिंट यांची गोठविलेली पाई केली जाते. यामागील कारण अगदी व्यावहारिक आहे. सणाच्या दिवशी घरातला ओव्हन सकाळपासून टर्कीने अडविलेला असतो, आणि गृहिणीच्या हाताला उसंत नसते. जे पक्वान्न आठवडाभर आधी करून ठेवता येते आणि ज्याला त्या दिवशी चूल लागत नाही, त्याची सोय कोणाही स्वयंपाक करणाऱ्यास पटेल.

शब्दाविषयी एक खुलासा येथेच केलेला बरा. मूळ उच्चाराप्रमाणे 'पाय' असे लिहिणे अधिक योग्य झाले असते. पण 'गोठलेला पाय' हे शब्द मराठीत वाचताच हिमशिखरावरील एखाद्या दुर्दैवी गिर्यारोहकाचे चित्र डोळ्यांसमोर येते. म्हणून प्रस्तुत लेखात 'पाई' हे रूप योजून ते स्त्रीलिंगी मानले आहे.

या पाईचे कूळ फार जुने नाही. लादीचा बर्फ ठेवण्याच्या लाकडी पेटीत थंड करून घट्ट करावयाच्या पाया अमेरिकेच्या दक्षिण भागात पूर्वीपासून होत असत. विजेवर चालणारी शीतकपाटे आणि त्यांतील गोठविण्याचे कप्पे दुसऱ्या महायुद्धानंतर सामान्य घरांत पोहोचले, तेव्हा या प्रकाराला खरा विस्तार मिळाला. पिल्सबरी या पिठाच्या कंपनीने भरविलेल्या पाककृतींच्या स्पर्धेतून १९५१ साली 'फ्रेंच सिल्क' नावाची चॉकलेटची पाई प्रसिद्धीस आली. ती थंड करून घट्ट केलेली असते. पुदिन्याच्या व कोकोच्या मद्यार्काने सिद्ध केलेली हिरव्या रंगाची 'ग्रासहॉपर' पाईही त्याच सुमारास लोकप्रिय झाली. आपल्या विचाराधीन पाईत या दोघींचे गुण उतरले आहेत, आणि पुढे दिसून येईल त्याप्रमाणे पहिलीचा एक दोषही.

कृती थोडक्यात अशी. सुमारे २३ सेंटिमीटर व्यासाच्या उथळ गोल भांड्यात काळ्या चॉकलेट बिस्किटांचा १५० ग्रॅम चुरा व ७५ ग्रॅम वितळलेले लोणी एकत्र करून तळाशी व कडेने दाबून बसवावे. चार अंड्यांचे पिवळे बलक, १०० ग्रॅम साखर आणि ६० ग्रॅम पाणी यांचे मिश्रण गरम पाण्यावर ठेवलेल्या भांड्यात सतत घोटून शिजवावे, त्यात १७० ग्रॅम काळे चॉकलेट विरघळवावे, ते निवल्यावर पेपरमिंटचा अर्क अर्धा चहाचा चमचा घालावा, आणि शेवटी ३०० ग्रॅम दाट क्रीम फेसवून हलक्या हाताने मिसळावे. हे सर्व बिस्किटांच्या कवचात ओतून रात्रभर गोठवावे. कृती एवढीच आहे. तिच्यात होणाऱ्या चुका मात्र बहुतेक सर्व 'थंडी' या एकाच शब्दाच्या चुकीच्या आकलनातून उद्भवतात, आणि त्यांचाच विचार येथे कर्तव्य आहे.

प्रथम हे ध्यानात घ्यावे की, गोठविलेल्या पाईचे सारे मर्म ती पुरती गोठू न देण्यात आहे. शुद्ध पाणी उणे १८ अंश सेल्सिअसला दगड होते. पाई मात्र त्याच तापमानाला सुरीने कापली गेली पाहिजे. हे साधते ते मुख्यतः साखरेमुळे. एक किलोग्रॅम पाण्यात एक ग्रॅम-रेणू, म्हणजे ३४२ ग्रॅम, साखर विरघळविली असता गोठणबिंदू १.८६ अंशांनी खाली उतरतो, हे आपण पदवीपूर्व वर्गांतच शिकतो. आपल्या मिश्रणात घातलेले पाणी, बलकांतील पाणी आणि क्रीममधील पाणी मिळून सुमारे २७५ ग्रॅम पाणी आहे. त्यातील १०० ग्रॅम साखरेमुळे गोठणबिंदू केवळ दोन अंशांनी खाली जातो. दुधातील व चॉकलेटमधील शर्करा त्यात थोडी भर घालतात. मग उणे १८ अंशांपर्यंत पाई मऊ कशी राहते?

याचे उत्तर गोठण्याच्या क्रमात आहे. जे गोठते ते शुद्ध पाणी. साखर मागे राहते. जसजसा बर्फ होत जातो तसतसे उरलेले द्रावण अधिकाधिक संहत होत जाते व त्याचा गोठणबिंदू आणखी खाली सरकतो. आदर्श द्रावणाचा नियम लावून केवळ घातलेल्या साखरेचा हिशेब केला, तर उणे ५ अंशांस सुमारे १६५ ग्रॅम पाण्याचा बर्फ झालेला असतो आणि ११० ग्रॅम द्रवरूपातच असते. याहून खालच्या तापमानास हा सोपा नियम नीट लागू पडत नाही. परंतु घरगुती शीतकपाटाच्या उणे १८ अंशांसही दाट पाकासारखा काही द्रव बर्फकणांच्या मध्ये शिल्लक राहतोच. सुरी वाट काढते ती या पाकातून. साखर कमी केली तर गोडी कमी होण्यापूर्वी पाईचा दगड होतो, ही गोष्ट आरोग्याच्या सद्हेतूने साखर निम्मी करणाऱ्यांनी विसरू नये. थोड्या साखरेऐवजी ग्लुकोज वापरल्यास, त्याचा रेणुभार १८० असल्याने, तेवढ्याच वजनात जवळजवळ दुप्पट परिणाम मिळतो. मद्यार्काचा रेणुभार अवघा ४६. म्हणूनच ग्रासहॉपर पाईत तो मोकळ्या हाताने ओतला गेला, तर पाई दुसऱ्या दिवशीही पळीने वाढावी लागते.

दुसरा आधार हवेचा. क्रीम घुसळताना स्निग्धकणांची आवरणे अंशतः फाटून ते एकमेकांना चिकटतात आणि हवेच्या बुडबुड्यांभोवती जाळे विणतात. यासाठी क्रीममध्ये निदान ३० टक्के स्निग्धांश हवा व ते चांगले थंड हवे. आपल्याकडे खोक्यातून मिळणारे साधे क्रीम बहुधा २५ टक्क्यांचे असते. ते कितीही घुसळले तरी फेसत नाही. दोष हाताचा नसतो, जालास पुरेसे धागेच नसतात.

आता चॉकलेटकडे वळू. कोको-लोण्याची सहा स्फटिकरूपे विली व लटन यांनी १९६६ साली वर्णिली. त्यांतील पाचवे, ज्यामुळे चॉकलेटच्या वडीला चकाकी व खटकन तुटण्याचा गुण येतो, ते ३४ अंशांच्या आसपास वितळते. मुखाचे तापमान याच्या किंचित वर असते, आणि चॉकलेटची सारी मोहिनी या दोन-तीन अंशांच्या फरकात सामावलेली आहे. गोठविलेल्या पाईचा घास जीभ थंड करतो आणि हा फरकच नाहीसा करतो. म्हणून पाईत पेरलेले चॉकलेटचे जाड तुकडे खड्यांसारखे लागतात. चव उमटण्यापूर्वीच गिळले जातात. मिश्रणात विरघळविलेल्या चॉकलेटचे तसे होत नाही. दुधातील स्निग्धांश कोको-लोण्यात मिसळून त्यास मऊ करतो. सजावटीस तुकडे हवेच असतील तर चाकूने काढलेल्या पातळ कळप्या घालाव्यात. शिवाय थंडीत गोडीची जाणीवही मंदावते. वितळलेली कुल्फी अतिशय गोड का लागते, हे ज्याने पाहिले आहे त्यास याचा पुरावा द्यावयास नको. तात्पर्य, न गोठविलेले मिश्रण चाखताना ते थोडे अधिक गोड लागले पाहिजे.

येथवर झाला तो खऱ्या थंडीचा विचार. पेपरमिंटची थंडी निराळी. पेपरमिंटच्या तेलातील मेंथॉल कोणत्याही पदार्थाची उष्णता हरण करीत नाही. तापमापक मेंथॉलयुक्त व मेंथॉलरहित पाईत एकच आकडा दाखवील. थंडीची ती केवळ जाणीव आहे. तिचा उलगडा २००२ साली झाला. सॅन फ्रान्सिस्को येथे डेव्हिड ज्युलियस आणि ला होया येथे आर्डेम पाटापूटियन यांच्या प्रयोगशाळांनी स्वतंत्रपणे असे दाखवून दिले की, मज्जातंतूंच्या टोकांवरील 'टीआरपीएम-८' हे एकच प्रथिन सौम्य थंडीनेही उघडते आणि मेंथॉलनेही. तापमान व स्पर्श यांच्या ग्राहींवरील संशोधनासाठी या दोघांना २०२१ चे शरीरक्रियाविज्ञान व वैद्यक यांचे नोबेल पारितोषिक मिळाले. मेंथॉल असताना हे द्वार एरवी लागणाऱ्या थंडीपेक्षा अधिक उबदार तापमानासच उघडते. म्हणजे गोठविलेल्या पाईत दोन्ही थंड्यांची केवळ बेरीज होत नाही. एक दुसरीला बळ देते. घास वितळून जीभ पुन्हा उबदार होऊ लागली, तरी थंडीची भावना रेंगाळते ती यामुळे. साखरेविषयी वर सांगितलेला नियम पेपरमिंटला लावू नये याचेही कारण हेच. 'गोठल्यावर मंद होईल' अशा समजुतीने अर्क वाढविला तर सुगंध थोडा वाढतो, पण मेंथॉल अतिमात्रेत थंड न वाटता झोंबू लागते. अर्काऐवजी शुद्ध तेल हाती असेल तर चमचा बाजूस ठेवून थेंब मोजावेत.

आणि पुदिना? प्रस्तुत लेखकाने प्रथम जेव्हा ही पाई केली तेव्हा अर्क न मिळाल्याने मंडईतील ताज्या पुदिन्याची जुडी वाटून क्रीममध्ये मुरविली. परिणामी चॉकलेटची चटणी झाली, आणि घरच्या मंडळींनी ती सौजन्याने संपविली. चूक वनस्पतीच्या नावात होती. आपला नेहमीचा पुदिना हा बहुधा स्पिअरमिंट. त्याच्या तेलात मुख्यत्वे कार्व्होन असते, मेंथॉल जवळजवळ नसते. कार्व्होनला सुगंध आहे, थंडी नाही. (याच कार्व्होनचे आरशातील प्रतिबिंबासारखे रूप बाळंतशोपेत असते व त्याचा वास सर्वस्वी निराळा येतो, त्रिमितीय रसायनशास्त्र शिकविणाऱ्यांस याहून स्वस्त प्रयोग सापडणार नाही.) पेपरमिंट हा स्पिअरमिंट व पाणपुदिना यांचा वंध्य संकर असून तो बियांनी नव्हे, तर धावत्या खोडांनी वाढवावा लागतो. उलट आपल्याकडे उत्तर प्रदेशात ज्याची विस्तृत लागवड होते तो तिसराच, जपानी पुदिना. त्याच्या तेलापासून मेंथॉलचे स्फटिक काढतात. पेपरमिंटचे फूल म्हणून ज्यास आपण ओळखतो ते हेच. त्या फुलाने पाईला थंडी मिळेल, पण पेपरमिंटच्या तेलातील मेंथोन आदी घटकांनी येणारा भरीव सुगंध मिळणार नाही. पुदिन्याने सुगंध देऊन थंडी नाकारावी आणि फुलाने थंडी देऊन सुगंध नाकारावा, असा हा प्रकार आहे.

शेवटी थंडीविषयीचा तो गैरसमज, जो चवीपुरता मर्यादित राहत नाही. फ्रेंच सिल्कच्या मूळ पद्धतीत अंडी कच्चीच लोण्यात घोटली जात, आणि ती पद्धत कौटुंबिक वह्यांतून आजही उतरत आली आहे. 'पाई रात्रभर गोठते, मग जंतू कसे राहतील?' हा प्रश्न सुशिक्षित माणसेही विचारतात. साल्मोनेला जंतू गोठण्याने थांबतो, निश्चितपणे मरत नाही. जिभेवर पाई वितळली की तोही मोकळा होतो. १९८० नंतरच्या दशकात अमेरिकेत असे आढळून आले की, बाहेरून स्वच्छ व अभंग दिसणाऱ्या अंड्याच्या आतही हा जंतू असू शकतो. सणाच्या पंक्तीस लहान मुले, गरोदर स्त्रिया व वृद्ध एकत्र बसतात, आणि या जंतूचा त्रास सर्वाधिक होतो तो त्यांनाच. म्हणून बलक शिजविण्याच्या टप्प्यास आम्ही पर्याय मानीत नाही. मिश्रण ७१ अंश सेल्सिअसपर्यंत गेले पाहिजे, आणि ते बोटाने किंवा अंदाजाने नव्हे, तर तापमापकाने पाहावे. साखर व पाणी यांमुळे बलकातील प्रथिने साकळण्याचे तापमान वर सरकते. त्यामुळे सतत घोटत राहिल्यास या तापमानास गुठळ्या होत नाहीत. ज्यांना कच्च्या अंड्याचाच पोत हवा असेल त्यांनी पाश्चरीकरण केलेली अंडी घ्यावीत. अमेरिकेत ती विकत मिळतात.

कवचासंबंधी फारसे सांगावयास नको. अमेरिकन गृहिणी पिढ्यानुपिढ्या ज्या पातळ चॉकलेट बिस्किटांचा चुरा वापरीत, ती नॅबिस्को कंपनीची १९२४ पासूनची बिस्किटे २०२३ साली बंद झाली, याची हळहळ तिकडे बरीच व्यक्त झाली. पण कोणतेही कोरडे, कमी गोड काळे बिस्किट चालते. लोणी मात्र प्रमाणाबाहेर घालू नये. ते गोठून कवच भांड्यास सिमेंटासारखे धरून बसते.

पाई गोठल्यावर घट्ट गुंडाळून कप्प्याच्या आतल्या बाजूस ठेवावी, कारण दार उघडताना होणाऱ्या तापमानाच्या चढउतारांनी बारीक बर्फकण विरघळून मोठे होतात व घास रेताड लागतो. वाढण्यापूर्वी अर्धा तास ती शीतकपाटाच्या साध्या कप्प्यात आणावी. लाल-पांढऱ्या पट्ट्यांच्या पेपरमिंटच्या कांड्यांचा चुरा वर पेरण्याची रीत आहे. परंतु ही कांडी म्हणजे साखरेची काच असून ती ओलावा झपाट्याने शोषते. आदल्या रात्री पेरलेला चुरा सकाळी लाल ओघळांच्या रूपाने भेटतो. तेव्हा सुरी गरम पाण्यात बुडवून, पुसून पाईचे तुकडे करावेत, ते ताटल्यांत मांडावेत, आणि मगच कांडी कुटावयास घ्यावी.