फ्रान्सिस मॅरियन : मूकपटातून बोलपटात

नाटकावर वाढलेल्या आपल्या मराठी मनाला लेखक म्हटले की संवाद आठवतात. मग ज्या चित्रपटांत कोणी बोलतच नव्हते, त्यांना लेखक कशाला हवा होता? या प्रश्नाचे उत्तर अमेरिकन पटकथाकार फ्रान्सिस मॅरियन यांच्या कारकिर्दीत सापडते.

त्यांचा जन्म १८८८ साली सॅन फ्रान्सिस्को येथे झाला. आधी चित्रकार असलेल्या मॅरियन यांनी दिग्दर्शिका लोइस वेबर यांच्या हाताखाली चित्रपटाचे पहिले धडे घेतले. पुढे मेरी पिकफर्ड या लाडक्या अभिनेत्रीसाठी त्यांनी अनेक मूकपट लिहिले. ‘स्टेला मारिस’मध्ये (१९१८) जगाचे दुःख कानी पडू नये म्हणून जपलेली श्रीमंताघरची आजारी मुलगी आणि दुःखाखेरीज काहीच वाट्याला न आलेली अनाथ मुलगी, या दोन्ही भूमिका मेरीनेच केल्या. दोन आयुष्ये समोरासमोर ठेवली की भाष्य आपोआप होते.

‘स्टेला डॅलस’ (१९२५) हा चित्रपट मूळ कादंबरीवरून घेतलेला. आपल्या अडाणीपणामुळे मुलीचे नुकसान होऊ नये म्हणून आई तिच्यापासून दूर होते. शेवटी मुलीचे लग्न ती रस्त्यावर पावसात उभी राहून खिडकीतून पाहते. कोणते पात्र कुठे उभे करायचे आणि त्याला काय दिसू द्यायचे, हे ठरवणे म्हणजेच पटकथा. संवाद त्यानंतर येतात.

१९२८ च्या नाताळात मॅरियन यांचे पती, काउबॉय नट फ्रेड टॉमसन धनुर्वाताने गेले. पायात खिळा घुसल्याचे निमित्त झाले. वैद्यकीच्या धंद्यात आयुष्य घालवलेल्या माझ्यासारख्याला हा तपशील सहज ओलांडता येत नाही. दोन लहान मुले पदरी होती आणि नेमका त्याच सुमारास बोलपट आला. मूकपटातील कित्येकांची कारकीर्द तेथेच थांबली. मॅरियन यांची थांबली नाही.

‘द बिग हाउस’ लिहिण्यापूर्वी त्या सॅन क्वेंटिन तुरुंगात जाऊन आल्या. दारूच्या नशेत मोटार चालवून माणूस मारलेला तरुण सराईत गुन्हेगारांच्या गच्च भरलेल्या कोठडीत टाकला जातो. पुढचे सारे त्या एका मांडणीतून घडते. या चित्रपटाने त्यांना १९३० मध्ये लेखनाचे ऑस्कर मिळवून दिले. असा मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या स्त्री. ‘द चॅम्प’च्या कथेसाठी दुसरे ऑस्करही मिळाले. साठीकडे झुकलेल्या, कामाविना राहिलेल्या मेरी ड्रेसलर या आपल्या मैत्रिणीसाठीही त्यांनी भूमिका लिहिल्या, आणि त्यांपैकी ‘मिन अँड बिल’ने तिला अभिनयाचे ऑस्कर दिले.

१९४६ च्या सुमारास त्यांनी हॉलिवूड सोडले, चित्रे आणि शिल्पे यांत मन रमवले. १९७३ मध्ये त्यांचे निधन झाले. शंभराहून अधिक चित्रपट नावावर असूनही प्रेक्षकांना आठवतात त्या मेरी पिकफर्ड आणि मेरी ड्रेसलर. यापुढे चित्रपट पाहताना जेथे कोणीच बोलत नाही आणि तरी डोळे भरून येतात, तेथे क्षणभर लेखकाचे नाव आठवून पाहावे, एवढीच विनंती.