मैदानाच्या आधीची कुस्ती

औंधच्या यमाईची यात्रा पौषात भरते. भाचा अमेरिकेहून सुट्टीवर आला होता, तेव्हा त्याच्या दहा वर्षांच्या पोराला घेऊन मी यात्रेतल्या कुस्त्यांना गेलो. हलगी कडाडत होती, फेटेवाले पंच आखाड्यात फिरत होते, शेंगांच्या टरफलांचा खच पडला होता. दोन चांगल्या कुस्त्या निकाली झाल्या, टोप्या उडाल्या आणि पोरगे माझ्या कानाशी येऊन म्हणाले, “आजोबा, ही मॅच धरतात का?”

मला प्रश्नच कळेना. भाच्याने हसत उलगडा केला. ते राहतात ॲरिझोनात, फिनिक्सला. बेसबॉलचे जे मोठे व्यावसायिक संघ आहेत, त्यांतले निम्मे फेब्रुवारीच्या मध्यास सरावासाठी तिथे उतरतात आणि उरलेले निम्मे फ्लोरिडात. महिनाभर आपापसांत सामने होतात. तिकिटे असतात, पंच असतात, धावाही मोजतात, पण त्या कुठल्याच हिशेबात धरत नाहीत. खरा हंगाम नंतर, प्रत्येक संघाचे 162 सामने. हंगामात बरोबरी झाली की निकाल लागेपर्यंत खेळ लांबवतात. सरावाचा सामना मात्र बरोबरीत सोडून मंडळी घरी जातात. नावाजलेला गोलंदाज (तिकडे त्याला पिचर म्हणतात) सुरुवातीला एखाददुसरा डाव टाकतो आणि बाहेर येऊन बसतो. खांदा हळूहळू तापवायचा असतो. त्याच्या जागी कुणीतरी नवा पोरगा येतो, मार खातो, शिकतो. आमच्या नातवाने आयुष्यात पाहिलेले बहुतेक सामने हे असे न धरण्याचेच. तिकीट स्वस्त पडते, असे भाचा म्हणाला.

“ही धरतात बाबा,” मी त्याला सांगितले. “इथं सगळं धरतात.”

घरी परतताना मात्र वाटले, आपल्याकडेही न धरण्याची कुस्ती आहेच की! फक्त तिला तिकीट नाही आणि प्रेक्षकही नाहीत. ती तालमीत होते, पहाटे, दार लोटून.

सातारा-सांगलीकडच्या ज्या घरांत कुणी पैलवान झाला असेल त्यांना हे सांगायला नको, पण इतरांसाठी सांगतो. जत्रांचा हंगाम साधारण दिवाळीनंतर रंगतो आणि चैत्र-वैशाखात कळसाला जातो. गावोगावच्या देवांच्या यात्रा तेव्हाच असतात आणि रानेही मोकळी झालेली असतात. त्याआधीचा पावसाळा हा मेहनतीचा. हौद्यातली लाल माती उकरायची, तिच्यात ताक, तेल, लिंबू, हळद घालून ती मऊ करायची. सांगलीच्या पेठेत हळदीला काय तोटा! जोर-बैठका झाल्या की वस्ताद जोड्या लावतात आणि लढती सुरू होतात.

लहानपणी दोन पावसाळे मी हा उद्योग केला आहे. पैलवान काही झालो नाही, पण एक गोष्ट पाहून ठेवली. तालमीतल्या लढतीत पाठ टेकली तरी कुणी ओरडत नाही. पडलेला उठतो, अंगावरची माती झटकतो आणि पुन्हा हात मिळवतो. थोरला पैलवान धाकट्याशी लढताना मुद्दाम पट काढू देतो, आपल्याला उचलू देतो. डाव कसा बसतो हे त्या पोराच्या अंगाला कळले पाहिजे म्हणून. ज्याला ढाक येते त्याला वस्ताद सांगतात, “आज ढाक बंद, नुसता पटावर खेळ.” म्हणजे माणूस आपल्या कच्च्या बाजूने लढतो आणि हरतो. दहा वेळा पडला म्हणून त्याला दूध कमी मिळत नाही. आणि दोघांचाही दम सुटला, एखाद्याचा गुडघा वाकडा पडला, की कडेला बसलेले वस्ताद एकच शब्द बोलतात. “बस.” लढत तिथे संपते. कोण वरचढ होते, हे कुणी विचारत नाही.

मैदानात यातले काहीच नसते. तिथे कच्ची बाजू झाकायची आणि हुकमी डाव पहिल्या संधीला टाकायचा. रेवड्यांवरच्या पोरांपासून एक नंबरच्या जोडीपर्यंत प्रत्येकाच्या मागे एक गाव उभे असते. वजनाचा काटा नसतो. जोड नजरेने ठरते. कुस्ती रेंगाळली की शिट्ट्या सुरू होतात. कुंडलसारख्या नामांकित मैदानात पडलेली पाठ माणसाला पुढे वर्षभर ऐकवली जाते. शेजारच्या गावातला चहावालासुद्धा ऐकवतो!

आणि मैदानात “बस” म्हणणारे कुणी नसते. माझ्या मते खरा फरक हा आहे, बाकी सारे वरवरचे.

कऱ्हाडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव आठवा. 1948 च्या लंडन ऑलिंपिकला ते गेले तेव्हा त्यांचे सारे शिक्षण मातीतले होते. गादीवरची कुस्ती आणि तिचे नियम हे सगळे त्यांना नवेच होते. तरी ते सहावे आले. पुढची चार वर्षे त्यांनी मेहनत केली आणि 1952 ला निवडीच्या वेळी डावलले जाताच पतियाळाच्या महाराजांकडे दाद मागितली. चाचणीची कुस्ती पुन्हा लावून घेतली आणि ती जिंकली. हेलसिंकीला त्यांनी ब्राँझपदक मिळवले. स्वतंत्र भारताचे ते पहिले वैयक्तिक ऑलिंपिक पदक. पण त्या स्पर्धेतली एक हकिगत मला नेहमी खुपते. जपानच्या इशीबरोबरची त्यांची लढत पंधरा मिनिटांवर चालली. ती हरल्यावर लगेच त्यांना सोव्हिएत मल्लाशी लढायला उभे केले. दोन लढतींत अर्ध्या तासाची विश्रांती द्यावी असा नियम होता, पण तो बजावून सांगायला आपला एकही अधिकारी तिथे हजर नव्हता. थकलेले खाशाबा उभे राहिले आणि हरले. गोळेश्वरच्या तालमीत कुठल्याही वस्तादाने त्यांना त्या क्षणी हौद्याबाहेर काढले असते.

दुसरी हकिगत जवळची. आमच्या गल्लीतला एक पोरगा चांगला लढायचा. बापाने एक म्हैस त्याच्या दुधासाठी राखून ठेवली होती, बदामाची उधारी वाण्याकडे वेगळी. एका पावसाळ्यात त्याला विषमज्वर झाला. श्रावण-भाद्रपद अंथरुणात गेला, मेहनत बुडाली, अंग उतरले. वस्ताद म्हणाले, “यंदा मैदान नको. नुसत्या लढती कर, पुढल्या साली बघू.” पण जत्रेच्या कमिटीला शब्द दिला होता, पत्रकावर नाव छापून आले होते आणि वाण्याची उधारी तर होतीच. तो उतरला. जोड त्याच्याहून जड होती. आठव्या-नवव्या मिनिटाला तो खालून निसटायला गेला आणि गुडघा फिरला. आवाज मला बसल्या जागी ऐकू आला. हलगी वाजतच होती.

कुणाला दोष द्यावा? कमिटीला त्याचे आजारपण ठाऊक नव्हते, बापाला ठाऊक होते, पण बापाचे हिशेब वेगळे होते. मैदानाच्या इनामावरच पैलवानाचा खुराक चालतो, हे विसरून चालत नाही. सांगली जिल्ह्यातल्या पुनवतचे गणपतराव आंदळकर आणि कवठेपिरानचे मारुती माने या दोघांनीही 1962 च्या जकार्ता आशियाई स्पर्धेत सुवर्णपदके मिळवली. दोघेही याच मातीतले. ज्या शेतकऱ्यांनी वर्गणी काढून मैदाने भरवली, त्यांनीच ही माणसे पोसली.

आता तर हंगामाचाही घोळ झाला आहे. पोराला महाराष्ट्र केसरीची गदा हवी असते. तिथे माती आणि गादी असे दोन विभाग असतात आणि शेवटची लढत त्या दोन विजेत्यांत होते. 2022 साली ही स्पर्धा साताऱ्यात झाली आणि कोल्हापूरच्या पृथ्वीराज पाटीलने गदा नेली. पुढच्याच वर्षी सांगलीत महिलांची पहिली महाराष्ट्र केसरी झाली आणि ती सांगलीच्याच प्रतीक्षा बागडीने जिंकली. गादीवर तीन-तीन मिनिटांचे दोन डाव, गुणांचा फलक, वजनाचे गट. त्या पोरांना प्रशिक्षक सांगतात की जत्रेची कुस्ती हा सराव समजा. गावचे म्हातारे म्हणतात, गादी कसली, मैदान मारून दाखव! एकाचा सराव तो दुसऱ्याचा हंगाम. मधल्या मध्ये पोरगा दोन्हीकडे जीव तोडून लढतो आणि पावसाळ्यात पडून-उठून शिकायचे दिवस कमी होत जातात. मॅट आली याचे मला दुःख नाही. ती यायलाच हवी होती. हरण्याची मोकळीक असलेले ते दोन-तीन महिने जाऊ नयेत, एवढेच वाटते. भाच्याच्या त्या अमेरिकन गोलंदाजांचे मला कौतुक वाटते ते यासाठी. कोट्यवधी मिळवणारा माणूस एक डाव टाकून निमूटपणे बाकावर येऊन बसतो आणि कुणी त्याला भित्रा म्हणत नाही.

गल्लीतला तो पोरगा आता चाळिशीला आला आहे. दूध संकलन केंद्र चालवतो, जिना चढताना अजून कठड्याला धरतो. पहाटे केंद्र उघडण्याआधी तासभर तालमीत पोरांना बघतो. नातवाला घेऊन मी एकदा तिकडेही गेलो. दोन पोरे एकमेकांच्या मानेत हात घालून झटत होती, एकाचा श्वास फुलला होता. “बस,” तो कट्ट्यावरून म्हणाला. पोरे सुटी झाली. नातवाने लगेच विचारले, “कोण जिंकलं?”

त्याने नातवाकडे पाहिले, मग त्या दोघांकडे. “टिकाव घ्या,” तो म्हणाला, “त्या कोपऱ्यातली माती घट्ट झालीय.”