पाठदुखीवर नैराश्याची गोळी कशासाठी?

काही दिवसांपूर्वी रविवारची मिस्सा आटोपल्यावर एक मावशी आमची वाट पाहत चर्चच्या दाराशी थांबल्या होत्या. उभे आयुष्य भाजीच्या पाट्या वाहण्यात गेलेले. तीन वर्षांपासून कंबर धरलेली. पिशवीतून गोळ्यांची पट्टी काढून त्यांनी हळूच विचारले, “फादर, डॉक्टरांनी मला वेड्यांची गोळी दिली का?” भाच्याने मोबाईलवर नाव शोधून सांगितले होते की ती नैराश्याची गोळी आहे. “म्हणजे माझी कंबर दुखत नाही, मी ढोंग करते, असंच ना?” चार दिवस घेऊन, डॉक्टरांना न कळवता त्यांनी ती बंद केली होती.

असाच प्रश्न यापूर्वीही आमच्या कानी आला आहे, म्हणून हा लेखनप्रपंच. डॉक्टरांच्या सल्ल्याची जागा तो अर्थातच घेऊ शकत नाही.

मावशींच्या हातातील गोळी अमिट्रिप्टिलिनची होती. १९६०च्या दशकाच्या आरंभापासून हे औषध नैराश्यासाठी वापरले जाते. वेदनेशी त्याचा संबंध कसा, हे समजण्यासाठी वेदनेचा मार्ग पाहावा लागेल. कंबरेतून निघालेला संदेश मज्जारज्जूतून मेंदूकडे जातो, हे आपणांस ठाऊक असते. परंतु हा रस्ता एकेरी नाही. मेंदूच्या तळाकडून काही मज्जातंतू खाली मज्जारज्जूत उतरतात आणि वर येणारा संदेश तेथेच दाबून धरतात. मेल्झॅक आणि वॉल या दोन शास्त्रज्ञांनी १९६५ साली मज्जारज्जूतील अशा ‘दारा’ची कल्पना मांडली, दार मिटले की वेदना कमी जाणवते. वरून खाली येणारे हे तंतू नॉरअॅड्रेनॅलिन व सेरोटोनिन या रसायनांच्या साहाय्याने काम करतात. अमिट्रिप्टिलिन किंवा ड्युलोक्सेटिन घेतल्यास ही रसायने अधिक काळ टिकून राहतात. मनाच्या उभारीशीही हीच रसायने निगडित आहेत, म्हणून गोळी एक आणि उपयोग दोन.

मात्रेवरूनही हा भेद कळतो. नैराश्यासाठी अमिट्रिप्टिलिन बहुधा दिवसाला ७५ मिलिग्रॅम किंवा अधिक लागते. वेदनेसाठी रात्री १० किंवा २५ मिलिग्रॅमपासून सुरुवात होते. तेव्हा ही गोळी लिहून देणारा डॉक्टर रुग्णाला वेडा किंवा ढोंगी ठरवीत नसतो.

मग गुण किती येतो? येथे प्रामाणिक राहिले पाहिजे. दीर्घकालीन कंबरदुखीसह स्नायू-सांध्यांच्या जुनाट दुखण्यासाठी ड्युलोक्सेटिनला अमेरिकेत २०१० साली मान्यता मिळाली. परंतु २०२१ साली अनेक चाचण्या एकत्र तपासल्या गेल्या, तेव्हा वेदनेच्या शंभर गुणांच्या मोजपट्टीवर या वर्गातील औषधांचा लाभ सरासरी पाच गुणांच्या आसपासच निघाला. अमेरिकेतील फिजिशियनांच्या संघटनेने २०१७ साली ड्युलोक्सेटिनला दुसऱ्या फळीत स्थान दिले, तर जागतिक आरोग्य संघटनेने डिसेंबर २०२३च्या मार्गदर्शिकेत जुनाट कंबरदुखीसाठी अशी औषधे सरसकट देऊ नयेत, असे सुचविले. मधुमेहामुळे पायांच्या नसांत होणाऱ्या जळजळीवर मात्र ड्युलोक्सेटिनचा आधार अधिक भक्कम आहे. तेव्हा “डॉक्टर, मला याचा कितपत उपयोग होईल?” असे नम्रपणे विचारण्यात काहीच गैर नाही.

अन्य औषधांची कथाही फारशी वेगळी नाही. नव्याने उद्भवलेल्या कंबरदुखीत पॅरासिटामॉल नुसत्या साखरेच्या गोळीहून सरस ठरले नाही, असे २०१४च्या मोठ्या चाचणीत दिसले; सायटिकासाठी प्रीगाबालिनचेही २०१७ साली तेच झाले. डायक्लोफिनॅकसारख्या गोळ्यांनी काहींना उतार पडतो. पण मेडिकलमधून आपल्या मनाने आणून महिनोन्‌महिने खाल्ल्यास जठर व मूत्रपिंड यांची हानी होते. आपल्याकडे हे सर्रास चालते. चालणे, व्यायाम, फिजिओथेरपी यांना कोणी ‘औषध’ म्हणत नाही, हीच अडचण!

प्रार्थनासभेहून परतल्यावर गोळ्या फेकून देणारेही आम्ही पाहिले आहेत. ही ख्रिस्तसभेची शिकवण नव्हे. बेनसिराच्या ग्रंथाचा ३८वा अध्याय प्रार्थना करण्यास सांगतो आणि वैद्यालाही मान देण्यास सांगतो. वेदनाशमन नाकारण्याचे बंधन ख्रिस्ती व्यक्तीवर नाही, हे पोप बारावे पायस यांनी २४ फेब्रुवारी १९५७ रोजी भूलतज्ज्ञांपुढे स्पष्ट केले होते. आणि दीर्घ दुखण्याने एखाद्याला खरोखरच नैराश्य आले, तरी तो आजार आहे; पाप नव्हे, श्रद्धेची उणीवही नव्हे.

आता सावधगिरीविषयी. ड्युलोक्सेटिन एकाएकी बंद केल्यास चक्कर, मळमळ व डोक्यात झटके बसल्यासारखे होऊ शकते. मात्रा डॉक्टरांच्या सल्ल्याने हळूहळू उतरवावी. अमिट्रिप्टिलिनने तोंड कोरडे पडते, बद्धकोष्ठ होतो, सकाळी गुंगी राहते. वृद्ध त्यामुळे पडू शकतात. काचबिंदू, प्रोस्टेट किंवा हृदयाच्या ठोक्यांची तक्रार असल्यास ती आधी सांगावी. ट्रॅमाडॉल चालू असेल तर तेही सांगावे. चोविशीपर्यंतच्या तरुणांत पहिल्या काही आठवड्यांत आत्महत्येचे विचार वाढण्याचा धोका असतो. घरच्यांनी लक्ष ठेवावे.

लघवी अडणे किंवा नकळत होणे, बैठकीचा भाग बधिर होणे, पायांतील शक्ती जाणे, यांपैकी काही झाल्यास त्याच दिवशी रुग्णालय गाठावे. संध्याकाळचा ताप व घटणारे वजन असेल तर मणक्याचा क्षयरोग तपासून घ्यावा; आपल्या देशात तो दुर्मीळ नाही.

त्या मावशी पट्टी घेऊन पुन्हा डॉक्टरांकडे गेल्या. काचबिंदूसाठी त्या दोन वर्षांपासून डोळ्यांत थेंब घालत होत्या. हे त्यांना कोणी विचारले नव्हते आणि कंबरेच्या डॉक्टरांना सांगावे असे त्यांनाही वाटले नव्हते. डॉक्टरांनी ती गोळी रद्द केली व त्यांना फिजिओथेरपीसाठी पाठविले. आठवड्यातून दोनदा त्या जातात. रिक्षाचे भाडे परवडत नाही, अशी तक्रार मात्र आहे.