महापौरपदाचा उमेदवार कोण?

यवतमाळच्या मेन लाइनमधील पेढी वडील सांभाळतात आणि थोरल्या मुलाने नागपुरात दुकान थाटलेले असते, अशी घरे समाजात पुष्कळ आहेत. १५ जानेवारी २०२६ रोजी नागपूर, अमरावती, मुंबईसह राज्यातील २९ महानगरपालिकांसाठी मतदान झाले, त्याआधी अशा घरांत एक प्रश्न हमखास निघे: नागपूरच्या महापौरपदासाठी उभे कोण आहे? वडिलांनी विचारावे हे स्वाभाविकच. डिसेंबर २०२५ मध्ये यवतमाळच्या मतदारांनी नगराध्यक्षपदाच्या उमेदवारांची नावे मतदानयंत्रावर वाचून कौल दिला. मुलाजवळ मात्र उत्तर नव्हते. कारण नागपुरात मतदारापुढे असा उमेदवार येतच नाही.

महानगरपालिकेचा महापौर नगरसेवक निवडतात. नागपुरात नगरसेवक १५१. हे पद कोणत्या प्रवर्गाकडे जाणार, याची सोडतही मतदानाआधी निघालेली नव्हती. ती निघाली की पक्ष नाव ठरवतात, तेही अडीच वर्षांपुरते. शेजारच्या मध्य प्रदेशात, इंदूर-भोपाळला, महापौर थेट जनता निवडते. महाराष्ट्राने थेट निवड लहान शहरांपुरती ठेवली आणि तिच्याबाबतही धोरण एक राहिले नाही: २०१६ मध्ये ती आली, २०२० मध्ये गेली, २०२२ मध्ये परतली.

थेट निवड म्हणजे सर्व सुरळीत, असेही नव्हे. २०१६ मध्ये यवतमाळकरांनी शिवसेनेच्या कांचन चौधरी यांना नगराध्यक्ष केले, पण सभागृहात बहुमत भाजपचे होते. पुढे २०१८ च्या उन्हाळ्यात निळोणा व चापडोह धरणांनी तळ गाठला आणि शहर टँकरवर आले. नळयोजना महाराष्ट्र जीवन प्राधिकरणाची. तरी हंडा घेऊन उभ्या असलेल्या माणसाला आधी आठवते ती नगरपालिकाच.

महानगरात तर महापौराला मान मोठा आणि अधिकार बेताचे. कारभाराची सूत्रे आयुक्तांकडे आणि मोठ्या खर्चाची मंजुरी स्थायी समितीकडे. दुकानापुढचे तुंबलेले गटार, मालमत्ता कराची आकारणी, बाजारातील वाहनतळ ही कामे महापौराच्या दालनातून क्वचितच सुटतात. त्यांचा पाठपुरावा प्रभागाचा नगरसेवक करतो. मार्च २०२२ पासून नागपुरात प्रशासक होता. जवळपास चार वर्षे व्यापाऱ्याला तक्रार घेऊन जायला निवडून आलेला माणूसच नव्हता. महापौर कोण होणार, या कुतूहलापेक्षा ही उणीव व्यापाऱ्याला अधिक जाचली असणार.

तेव्हा वडिलांनी मुलाला विचारायचे ते प्रभागातील नावांविषयी. नागपुरात बहुतेक प्रभागांतून चार नगरसेवक निवडायचे होते. अ, ब, क, ड अशा चार जागा, प्रत्येकीसाठी एक मत. एखाद्या जागेचा कोणीच उमेदवार पसंत नसेल तर ‘नोटा’ आहे, पण चारही जागांचे बटण दाबल्याखेरीज मतदान पूर्ण होत नाही. पक्षाचे एक चिन्ह पाहून चारदा बोट टेकवणारे पुष्कळ असतात. पेढीवर चार जणांना उधारी देताना मात्र तेच गृहस्थ चौघांची वेगवेगळी चौकशी करतात.