जॉर्जचं बोट दुखतंय, तुमचं काय?

मंडळी, जॉर्ज जेटसन जन्माला आलाय! म्हणजे चाहत्यांचा हिशेब खरा मानला तर ३१ जुलै २०२२ ला. मालिका घडते २०६२ साली, त्यात जॉर्ज चाळिशीचा. करा वजाबाकी! त्या दिवशी इंटरनेटवर या कार्टूनला वाढदिवसाच्या चक्क हजारो शुभेच्छा मिळाल्या. या हिशेबाने साहेब सध्या नर्सरीच्या वयाचे आहेत. गळ्यात वॉटरबॅग, शर्टाला पिनने लावलेला रुमाल. मोठा झाला की तो स्पेसलीसाहेबांच्या स्प्रॉकेटच्या, म्हणजे दातेरी चक्रांच्या कारखान्यात चिकटेल आणि दिवसभर बटण दाबेल.

बस्स, एवढंच काम. तेही आठवड्यातले मोजके तास. तरी घरी येताना चेहरा असा, की जणू दादरपासून डोंबिवलीपर्यंत एका पायावर उभा राहून आलाय!

'द जेटसन्स' ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी थोडी उजळणी. विल्यम हॅना आणि जोसेफ बार्बेरा या जोडीने १९६० मध्ये 'द फ्लिंटस्टोन्स' आणलं. अश्मयुगातलं मध्यमवर्गीय कुटुंब. ते धो धो चाललं. मग त्यांनी तोच मसाला घेतला आणि घड्याळाचे काटे उलट्या बाजूला फिरवले. २३ सप्टेंबर १९६२ ला अमेरिकेत एबीसीवर 'जेटसन्स' सुरू झालं. एबीसीची ही पहिली रंगीत मालिका. पण तेव्हा बहुतेक घरांत टीव्हीच कृष्णधवल! रंगीबेरंगी भविष्य लोकांनी करड्या रंगात पाहिलं आणि २४ भागांत गाशा गुंडाळला गेला. पुढे पुनःप्रक्षेपणांनी मात्र तिला अमर केलं. इतकं, की १९८५ ते १९८७ मध्ये नवे भाग काढावे लागले. आपल्याकडे ती आली कार्टून नेटवर्कवरून, शाळेच्या होमवर्कवर डल्ला मारायला.

सगळं उडतं, चालत कुणीच नाही

या मालिकेवर प्रेम करायचं तर तिची टिंगल केल्याशिवाय गत्यंतर नाही. घरं खांबांवर, ऑफिसं खांबांवर. जमीन सहसा दिसतच नाही. गाडी उडते, ऑफिसात पोचली की घडी होऊन ब्रीफकेस बनते (पार्किंगच्या शोधात तीन चकरा मारणाऱ्यांनी इथे उसासा टाकावा). पण त्याच आकाशात ट्रॅफिक जॅमही होतो! गाडीतून उतरलं की सरकता पट्टा जॉर्जला थेट टेबलापर्यंत नेतो. मग तो टेबलावर पाय टाकतो. झाला दिवस सुरू.

आणि शीर्षकाचं ते दृश्य आठवतंय? बायकोला, जेनला, शॉपिंगला सोडताना जॉर्ज पाकिटातून एक नोट काढतो. जेन नोट ठेवते आणि पाकीटच उचलते. कर्त्यांना उडत्या गाड्या सुचल्या, सरकते रस्ते सुचले, पण शंभर वर्षांनंतरच्या बाईला स्वतःचा पगार असेल, हे काही सुचलं नाही!

घरात रोझी नावाची रोबोट बाई. तीही लेटेस्ट मॉडेल नाही बरं का. जेटसन कुटुंबाला परवडते ती जुनी, दुकानात डेमोसाठी वापरलेली. तिची पहिली कामगिरी काय, तर जेवायला आलेले स्पेसलीसाहेब चिडून जॉर्जला नोकरीवरून काढतात आणि रोझीने केलेला अननसाचा केक खाऊन परत घेतात. मावशींच्या हातच्या चवीवर घर टिकतं, हे सत्य २०६२ मध्येही अबाधित आहे म्हणायचं.

मास्कची गोष्ट

पण खरी दाद द्यायची ती एका छोट्या प्रसंगाला. सकाळी सकाळी जेनला मैत्रिणीचा व्हिडिओ कॉल येतो. केस विस्कटलेले, तोंड धुतलेलं नाही. जेन काय करते? तयार चेहऱ्याचा, मेकअप केलेला मास्क चढवते आणि गोड हसत बोलायला बसते. पुढे मैत्रिणीला शिंक येते आणि तिचाही मास्क गळून पडतो!

आता सांगा, सकाळी नऊच्या मीटिंगला वर इस्त्रीचा शर्ट, खाली बर्म्युडा आणि चेहऱ्यावर फिल्टर लावून बसणाऱ्यांनी या १९६२ च्या विनोदावर हसावं की रॉयल्टी भरावी? स्पेसलीसाहेबांचंही तेच. बुटके, तापट, कधीही भिंतीवरच्या स्क्रीनवर उगवून ओरडणारे. आपल्याकडे हा स्क्रीन खिशात आलाय, एवढाच फरक.

म्हणजे व्हिडिओ कॉल आले, बोलणारी यंत्रं आली, आपोआप झाडू मारणारी तबकडी सोफ्याखाली अडकायला आली. 'जेटसन्स'ने सांगितलेलं कितीतरी खरं झालं. घोडं अडलं ते एकाच ठिकाणी. जॉर्जचे ते मोजके तास कुठे गेले?

ही काही कार्टूनवाल्यांची थाप नव्हती. जॉन मेनार्ड केन्स या बड्या अर्थशास्त्रज्ञाने १९३० मध्येच लिहून ठेवलं होतं, की शंभर वर्षांत नातवंडांना आठवड्याला १५ तास काम पुरेल. मोठा प्रश्न असेल तो मोकळ्या वेळाचं करायचं काय, हा. 'जेटसन्स' त्याच भरवशावर हसवत होती. यंत्रं काम करतील, माणूस बटण दाबेल आणि तरीही कुरकुरेल. १९६२ च्या प्रेक्षकाला हसू यायचं ते या कुरकुरीचं.

बाबा आणि जॉर्ज

आमच्या घरी 'जेटसन्स'चे सर्वांत मोठे फॅन बाबा होते. सरकारी नोकरी. सव्वासातला दारात चपला वाजायच्या, हातपाय धुऊन चहाचा कप घेऊन ते माझ्या शेजारी बसायचे. जॉर्ज बोट चोळत विव्हळायला लागला की बाबा खो खो हसायचे. ''याला एकदा आमच्या खात्यात पाठवा!'' हे वाक्य ठरलेलं. पण त्या अर्ध्या तासात बाबांचं खातं कधी घरात आलं नाही. फायली ऑफिसातच राहायच्या. रात्री ऑफिसातून फोन आला, तर आधी आईच्या पोटात गोळा यायचा. नक्कीच कुणीतरी गेलं असणार!

गेल्या महिन्यात घरी गेले होते. खास बाबांसाठी जुने भाग लावले. मी शेजारी बसले, पण मांडीवर लॅपटॉप. 'फक्त पाच मिनिटं' म्हणत एका लेखाच्या दुरुस्त्या, मग मेसेज, मग एक 'क्विक कॉल'. बाल्कनीतून परत आले तर भाग संपलेला. बाबा हसले नव्हते. रिमोट बाजूला ठेवून म्हणाले, ''अगं, त्याला निदान एकच बटण होतं.''

मी फ्रीलान्सर. माझ्यावर ओरडायला स्पेसलीसाहेबही नाहीत. तो पट्टा माझा मीच चालू केला होता. प्रत्येक नव्या यंत्राने माझी दहा मिनिटं वाचवली आणि त्या प्रत्येक दहा मिनिटांत मी आणखी एक काम घेतलं. बाबांच्या शेजारची जागा तेवढी रिकामी राहिली.

शेवटच्या श्रेयनामावलीतलं दृश्य आता जरा वेगळं दिसतं. संध्याकाळ झालीय. जॉर्ज कुत्र्याला, अ‍ॅस्ट्रोला, घराबाहेरच्या ट्रेडमिलवर फिरवायला नेतो. एक मांजर येतं, अ‍ॅस्ट्रो मागे धावतो, पट्टा सुसाट सुटतो. कुत्रा आणि मांजर शहाणे. ते उडी मारून बाजूला बसतात आणि मजा बघतात. पट्ट्यावर गरगरत राहतो तो फक्त माणूस, बायकोच्या नावाने बोंब मारत.

असो. जॉर्ज अजून नर्सरीत आहे, २०६२ यायला अवकाश आहे. तो नोकरीला लागेपर्यंत ते मोजके तास आपण शोधून ठेवू शकतो. सुरुवात सोपी आहे. आज सव्वासात वाजले, की एक बटण दाबा.

बंद करायचं.