गाडीतले उभयान्वयी अव्यय

मराठीच्या प्राध्यापकाने मोटारीच्या पोटातल्या यंत्रांवर लिहावे, हे हरदासाने कुस्तीचे डाव सांगण्यासारखे आहे, हे मला कबूल आहे. पण गेल्या उन्हाळ्यात कनेरगाव नाक्यावर एका कडुलिंबाखाली मी जे तीन तास काढले, त्यांनी मला जे शिकवले ते वाचकांना सांगितल्यावाचून राहवत नाही.

आमची गाडी लहान, अकरा वर्षांची. तीन महिन्यांपासून तिच्या पुढच्या भागातून ‘खड् खड्’ असा आवाज येऊ लागला होता. गंमत अशी की, हिंगोलीच्या गल्लीबोळांत आणि गतिरोधकांवर ती कुरकुरे. पण एकदा हमरस्त्याला लागली की चिडीचूप! एका मोठ्या शहरातल्या चकचकीत कार्यशाळेत ती दाखवली. त्यांनी दोन्ही शॉकॲब्सॉर्बर बदला म्हणून असा काही आकडा सांगितला की, ‘पावसाळ्यानंतर पाहू’ म्हणून मी काढता पाय घेतला.

मागच्या सीटवरून आई मात्र म्हणे, “आवाज डावीकडचा आहे रे. जात्याचा खुंटा ढिला झाला की अस्साच वाजतो.”

मी हसलो आणि रेडिओ मोठा केला.

त्या दिवशी आईला अकोल्याला न्यायचे होते. तिच्या खुब्याचा सांधा झिजला होता. दोन महिन्यांपूर्वी तो बदलून कृत्रिम सांधा बसवला होता आणि डॉक्टरांनी तपासणीसाठी बोलावले होते. राष्ट्रीय महामार्ग १६१ वरून गाडी कशी पाण्यासारखी चालली होती. कनेरगाव नाक्याशी आईला चहा हवा म्हणून खाली उतरलो, गतिरोधक आला आणि गाडीने तोंड उघडले.

हॉटेलाशेजारी एक मिस्त्री टायर ठोकत बसला होता. त्याने मानही वर न करता सांगितले, “सर, लिंका गेल्या तुमच्या.”

“शॉकॲब्सॉर्बर गेलेत म्हणतात,” मी म्हणालो.

“शॉकॲब्सॉर्बरले तेल सुटलं नाही, काही नाही. काऊन बदलता? हात घालून पाहा.”

मी हात घातला. चाकामागची वीतभर लांबीची एक दांडी हलत्या दातासारखी बोटांत खुळखुळली. तीन महिने ज्याचा शोध लागला नव्हता, ते असे चिमटीत सापडले!

ही दांडी करते तरी काय? पुढच्या दोन चाकांच्या मधे, गाडीच्या पोटाखालून एक पोलादी सळई आडवी गेलेली असते. कारागीर तिला ‘बॅलन्स रॉड’ म्हणतात. मधे ती रबरी बुशांत बसवलेली असते आणि तिचे प्रत्येक टोक अशा एका लिंकेने आपापल्या बाजूच्या चाकाशी जोडलेले असते. दोन्ही चाके एकदम उचलली गेली, तर सळई नुसती फिरते. पण वळणावर गाडी एका अंगाला कलली, किंवा एकच चाक उंचवट्यावर चढले, की सळईला पीळ पडतो आणि तो पीळ गाडीला सरळ करू पाहतो. अशा सळईचे पेटंट कॅनडातल्या स्टीफन कोलमन या गृहस्थाने १९१९ साली घेतले. आमच्या जुन्या मारुती ८०० मध्ये वेगळी लिंक नव्हतीच. सळईचे टोक थेट खालच्या आर्ममध्ये बसवलेले असे.

हे ऐकता ऐकता मला आमचे व्याकरण आठवले. ‘आणि’, ‘पण’, ‘म्हणून’ ही उभयान्वयी अव्यये. त्यांना लिंग नाही, वचन नाही, विभक्ती नाही. वाक्यात त्यांच्याकडे कोणी पाहत नाही. पण ती काढून घ्या, की दोन वाक्ये एकमेकांना ओळख देत नाहीत. लिंक म्हणजे गाडीतले उभयान्वयी अव्ययच! ती तुटली तरी गाडी चालते. फक्त समोर अचानक गुरे आली आणि चक्र फिरवावे लागले, की गाडी भलतीच कलते.

“हिच्या दोन्ही टोकांले वाटीत गोळा असतो,” मिस्त्री आईला समजावीत होता. “वर रबराची टोपी. टोपी फाटली की धूळपाणी आत आन् ग्रीस बाहेर. मग गोळा झिजते, माय.”

“म्हणजे माझंच दुखणं की!” आई म्हणाली.

मी तिकडे पाहिले नाही. उखळीचा सांधा तो हाच. ‘खुब्यात काहीतरी कचकचतं’ असे आई वर्षभर सांगत होती आणि मी तेव्हाही वयाचे कारण देऊन मोकळा झालो होतो.

लिंका आणायला पोरगा मोटारसायकलवर वाशीमला गेला. आम्ही कडुलिंबाखाली बसलो. हे गाव हद्दीवरचे. १९४८ च्या सप्टेंबरपर्यंत अलीकडे निजामाचे राज्य आणि पलीकडे वऱ्हाड. रझाकारांच्या भीतीने कितीतरी कुटुंबे तेव्हा ही हद्द ओलांडून गेली. आजोबांकडून ऐकलेल्या त्या दिवसांच्या गोष्टी आई सांगत होती. आज इथे हिंगोली आणि वाशीम हे दोन जिल्हे भेटतात, आणि मिस्त्रीच्या एकाच वाक्यात मराठवाडी नि वऱ्हाडी दोन्ही नांदतात.

लिंका आल्या. मिस्त्रीने दोन्ही पुढची चाके उचलून गाडी घोड्यांवर टेकवली. एकच बाजू उचलली तर सळईला पीळ राहतो आणि लिंक सुखाने निघत नाही. गंज तारेच्या ब्रशाने घासून त्याने तेल सोडले. नट फिरवताना आतला खिळाही फिरतो. म्हणून खिळ्याच्या टोकात ॲलन की घालून तो रोखायचा आणि पान्याने नट सोडवायचा. उजवीकडचा नट शहाण्यासारखा सुटला. डावीकडचा काही ऐकेना. तेव्हा ब्रेकच्या नळीवर ओले फडके टाकून तो ग्राइंडरने कापला. उजवी लिंक बरी दिसत होती, पण त्याने तीही बदलली. नव्या लिंकांना नवे नट. ते आवळताना पान्याला पाइप लावून जोर करायचा नाही, खिळा तुटतो. आणि शंभरएक किलोमीटर झाले की पुन्हा एकदा पाना लावून पाहायचे.

चाके बसवण्यापूर्वी मात्र त्याने टॉमी घालून खालचा बॉल जॉइंट हलवून पाहिला. तो घट्ट होता.

“आवाज याचाही असाच येते, सर,” तो म्हणाला. “सीटवर बसून फरक कळत नाही. हा सुटला असता, तर चाक आडवं झालं असतं.”

मी आईकडे पाहिले. तीन महिने मी तिला ज्या खडखडीवर बसवून हिंडवत होतो, ती लिंकेची निघाली, हे केवळ माझे नशीब. त्यात माझे शहाणपण काडीचेही नव्हते.

दोन्ही लिंका आणि मजुरी मिळून दोन हजारांच्या आत काम झाले. त्याच गतिरोधकावरून गाडी दोनदा नेली. आवाज नाही. आईने मान डोलावली, तेव्हा कुठे मिस्त्रीने पैसे घेतले.

डॉक्टरांना फोन करून संध्याकाळची वेळ घेतली आणि निघालो. पातूरच्या घाटात वळणामागून वळणे आली; गाडी समजूतदारपणे वळत राहिली. मागे आईचा डोळा लागला होता. मी रेडिओ लावला नाही.